गॅलरीच्या टोकापर्यंत

आमच्या चाळीत दिवसा कुणी दार लावत नाही. सकाळी एखाद्याचं दार बंद दिसलं, की जाणारा-येणारा हाक मारून विचारतो, "काय गं, बरं आहे ना सगळं?" दार लावायला आमच्याकडे कारण लागतं. कुणी कपडे बदलत असेल, नवरा-बायकोचं वाजलं असेल, नाहीतर घरात कुणी आजारी असेल. माझं माहेर शेजारच्याच चाळीतलं आणि सासर इथलं, दोन्ही चिंचपोकळीतच. त्यामुळे बेल वाजवून कुणाच्या घरी जायचं असतं हे मला टीव्हीवरच्या मालिकांमधून कळलं.

हे आधीच सांगते, कारण माझ्या आजारपणात मी सगळ्यात जास्त रडले ती बंद दारांमुळे. सुया, नळ्या, तपासण्या हे सगळं त्याच्या मागून येतं. ज्यांच्या घरी असं आजारपण आलंय त्यांनी वाचावं म्हणून लिहितेय. त्यातही जे सांभाळतात त्यांनी जास्त वाचावं.

चप्पल

दादरला एका डोळ्यांच्या डॉक्टरांकडे मी रिसेप्शनला होते. नावं पुकारायची, डोळ्यांत थेंब घालून लोकांना बाकावर बसवायचं आणि मध्ये घुसणाऱ्यांना मागे पाठवायचं. माझा आवाज त्याच कामासाठी घडवलाय असं डॉक्टर म्हणायचे. एका संध्याकाळी क्लिनिक बंद करून फुलबाजाराच्या कडेने निघाले होते. मागून एक फुलवाली ओरडली, "ओ ताई, चप्पल राहिली तुमची."

खाली बघितलं तर डावा पाय अनवाणी. चप्पल केव्हाच मागे पडली होती आणि मला पत्ताच नव्हता. पाय ओल्या पानांच्या कचऱ्यात होता, पण ओलं लागत नव्हतं. मला हसू आलं. घरी येऊन दिलीपला, म्हणजे नवऱ्याला, गंमत म्हणून सांगितलं. आम्ही एकाच वर्गात होतो, त्यामुळे आमच्यात अरे-तुरे चालतं. तो म्हणाला, "म्हातारी झालीस." सासूबाई भाकऱ्या थापता थापता हसल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी मांड्या दुसऱ्या कुणाच्या असाव्यात अशा जड झाल्या. दुपारपर्यंत उभं राहता येईना. पोट टणक झालं होतं आणि लघवी होत नव्हती. दिलीपने आणि खालच्या मजल्यावरच्या दोघांनी मला खुर्चीत बसवून जिन्यावरून उतरवलं. तेव्हा सगळी चाळ गॅलरीत उभी होती आणि प्रत्येकजण काहीतरी सांगत होता. डोकं खाली ठेवू नका, पाणी पाजा, पाणी पाजू नका. त्या गोंगाटाची मला नंतर फार आठवण यायची.

ह्या आधी चालत होत्या का?

परळच्या एका हॉस्पिटलात एमआरआय झाला. मणक्यातून जाणाऱ्या मज्जारज्जूला सूज आली होती. नाव लांबलचक आहे, ट्रान्सव्हर्स मायलायटिस. का झालं, हे नक्की सांगता येत नाही म्हणाले. काहीजण पूर्ण बरे होतात, काही अर्धे, काही होत नाहीत.

हे सगळं डॉक्टर माझ्या पायथ्याशी उभे राहून दिलीपला सांगत होते. मग त्यांनी त्यालाच विचारलं, "ह्या आधी चालत होत्या का?"

दिलीपने सांगितलं की हो, रोज कामाला जायची. माझे पाय गेले होते, कान जागेवर होते. मी म्हटलं, "डॉक्टर, चालत होते आणि बोलतही होते." ते बिचारे ओशाळले आणि पुढचं सगळं माझ्याकडे बघून बोलले. पण त्या क्षणी मला जे कळलं ते एमआरआयमध्ये नव्हतं. मी आता अशी वस्तू झाले होते जिच्याबद्दल जवळच्या माणसाला विचारायचं असतं. त्या दिवशी मी प्रचंड घाबरले. पाय परत येणार नाहीत ही भीती होतीच. आपल्याला आता कुणी काही विचारणारच नाही, ही भीती तिच्याहून मोठी होती.

वॉर्डातले दिवस सगळे सारखेच. पहाटे लघवीची पिशवी रिकामी करायची, मग स्पंजिंग, राउंड, सलाईन, पायाला हात लावून "काही कळतंय का?" आणि माझं "नाही". भेटायच्या वेळात शहाळी येत. शहाळ्यांचा एवढा साठा झाला की शेजारच्या खाटांवरच्यांना वाटत होतो. लोक यायचे, माझ्या पायांकडे बघायचे आणि दिलीपशी बोलायचे.

तिथली एक मावशी मात्र वेगळी होती. पाठीला जखमा होऊ नयेत म्हणून पेशंटला ठरलेल्या वेळी कुशीवर वळवतात. बाकीचे येऊन वळवून जायचे. ही आधी विचारायची, "आता वळवू का गं, की चहा संपवतेस?" बस, एवढंच. चहा संपवायचा की नाही हे मी ठरवायचे. दिवसभरात माझ्या हातात असलेली ती एकच गोष्ट होती, आणि त्या मावशीची ड्यूटी नसेल त्या दिवशी मला चहा जायचा नाही.

पडदा

घरी आले तेव्हा पायांत थोडी हालचाल होती. वॉकर धरून उभी राहायचे, पण गुडघे कधी दगा देतील सांगता यायचं नाही. चाळीतला आमचा संडास गॅलरीच्या टोकाला, सगळ्या बिऱ्हाडांचा मिळून. तिथे जाणं शक्य नाही असं सर्वांनी ठरवून टाकलं. मोरीचा कठडा उंच, तिथेही नको. म्हणून माझ्यासाठी कमोडची खुर्ची आणली गेली. खाली भांडं असलेली. खोली एकच, त्यामुळे ती ओट्याच्या बाजूला कोपऱ्यात ठेवली आणि सासूबाईंची जुनी साडी दोरीवर टाकून पडदा केला.

एका बाजूला फोडणी, दुसऱ्या बाजूला मी. मी पडद्याआड गेले की घरातले सगळे गप्प व्हायचे आणि दिलीप टीव्हीचा आवाज वाढवायचा. मला संकोच वाटू नये म्हणून. एरवी बातम्यांचा आवाज कमी कर म्हणून माझ्याशी भांडणारा माणूस. तो आवाज वाढला की मला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं, कारण आता घरातल्या प्रत्येकाला कळलंय हे त्या आवाजामुळे मलाही कळायचं.

भांडं रिकामं करायचं काम सासूबाईंचं. सत्तरी उलटलेली बाई, स्वतःचे गुडघे धरून चालणारी. मी म्हणायचे, आई, राहू दे, दिलीप आल्यावर नेईल. त्या म्हणायच्या, "गप रव गो. माजा न्हानपण गेला म्हशीचा शेण काढूक. ह्या काय जड आसा?" त्यांना खरंच जड नव्हतं. मला होतं.

आणि लोक गोड बोलायला लागले, हे आणखी एक. आमच्या मजल्यावर टोकाच्या खोलीत मंदा राहते. संडासाच्या सगळ्यात जवळ. सकाळच्या लाइनीत स्वतःचा डबा ठेवून घरी जाऊन चहा पिणारी, आणि नंबर गेला की आकाशपाताळ एक करणारी. तिचं-माझं वर्षानुवर्षं वाकडं. डबा उभा म्हणजे माणूस उभा, हे तिचं म्हणणं. डब्याच्या पोटात दुखत नाही, हे माझं. तर ती मंदासुद्धा दारात येऊन हलक्या आवाजात "बरी आहेस ना गं बाळा?" असं विचारून जायला लागली. माझ्याच वयाची बाई मला बाळा म्हणते म्हटल्यावर मला कळलं की मी लाइनीतून कायमची बाहेर गेलेय.

दिलीप वाईट नव्हता, हे लिहायला हवं. तो नोकरी करून माझी मालिश करायचा, औषधं आणायचा, केस विंचरायचा. पण कुणी मला विचारलं, झोप लागली का, की उत्तर तो द्यायचा. भूक किती ते तो सांगायचा. एकदा मी ताट बाजूला सारलं आणि म्हटलं, मला भात नकोय. तो थकून म्हणाला, "मी करतोय ना सगळं?" मी म्हटलं, "तेच तर." त्याला कळलं नाही. मलाही पुढे नीट सांगता आलं नाही. आम्ही दोघं एका खाटेवर बसून आपापलं रडलो.

तुम्हाला काय करायचंय?

फिजिओथेरपीसाठी हॉस्पिटलात जात होते, तिथे ऑक्युपेशनल थेरपीच्या एका मॅडमकडे पाठवलं. साठे मॅडम. मध्यमवयीन, जाड चष्मा, हसायची घाई नसलेल्या. पाय न तपासता त्यांनी विचारलं, "तुम्हाला काय करायचंय?"

दिलीप म्हणाला, "तिला पहिल्यासारखं चालायचंय, मॅडम."

मॅडमनी मान हलवली, पण नजर माझ्यावरून काढली नाही. "तुम्ही सांगा."

इतक्या महिन्यांनी विचारलेला प्रश्न होता, त्यामुळे उत्तर तयार होतं. "मला आमच्या गॅलरीच्या टोकाच्या संडासात एकटीने जायचंय."

दिलीपची मान खाली गेली. बायको बाहेरच्या बाईसमोर संडासाचं बोलते, तेही एवढ्या ठसक्यात. मॅडम हसल्या नाहीत. त्यांनी विचारायला सुरुवात केली. उंबरा किती उंच? दार आत उघडतं की बाहेर? भारतीय पद्धतीचा ना? वाटेत कुणाची पिंपं असतात का? मला सगळं पाठ होतं. लग्न झाल्यापासून रोज त्याच वाटेने गेलेली बाई मी.

मग म्हणाल्या, "हे होण्यासारखं आहे. पण त्यात कोण काय करणार आणि कोण काय करणार नाही, हे सुनंदाताई सांगतील." दिलीपला त्या म्हणाल्या, "तुम्ही मागे चाला, पण धरायचं नाही. त्यांनी म्हटल्याशिवाय नाही." त्याचे हात खिशात गेले, बाहेर आले, परत खिशात गेले. त्याच्या हातांना इतक्या महिन्यांत दुसरं कामच माहीत नव्हतं.

त्यांनी आणखी एक शिकवलं. लघवी लागण्याची वाट बघायची नाही. लागल्यावर मला थांबवता यायचं नाही. ठरलेल्या वेळी जायचं, म्हणजे घाई होत नाही. चाळ कमिटीने एका संडासात भिंतीला लोखंडी दांडा बसवून दिला. भांड्यावर ठेवायची घडीची खुर्ची आली. ती माझ्याआधी दिलीप ठेवून येणार, नंतर काढणार. पिंपं भिंतीला सरकली. आणि मी वॉकर घेऊन खोलीत गोल गोल फिरत सराव केला. सासूबाई पाट मध्ये टाकून ठेवायच्या, उंबऱ्याची सवय व्हावी म्हणून. मी अडखळले की म्हणायच्या, "पाय उचल गो, घसटतस कित्याक?"

दारं

पहिल्या सकाळी मी बाहेर पडले. कपडे नीट, केस बांधलेले, लग्नाला निघाल्यासारखी. मागे दिलीप. वॉकर पुढे, एक पाय, मग दुसरा.

पहिल्या खोलीचं दार माझ्यासमोर हळूच लागलं. मला वाटलं वाऱ्याने. मग दुसरं. मग पुढच्या घरातली बाई भाजी निवडत उंबऱ्यात बसली होती, ती परात उचलून आत गेली आणि कडी लागल्याचा आवाज आला. मी पुढे पुढे जात होते आणि दारं लागत होती. टोकाला मंदाचंही दार बंद. संडासाच्या बाहेर लाइन नव्हती. सकाळच्या वेळी, आमच्या चाळीत, लाइन नव्हती.

मी गेले, बसले, दांडा धरून उठले, परत आले. एकटीने. जे मागितलं होतं ते मिळालं होतं. खोलीत येऊन खाटेवर बसले आणि हमसून हमसून रडले. सासूबाईंना वाटलं आनंदाने रडतेय. त्यांनी साखर हातावर ठेवली.

दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशी तेच. रिकामी गॅलरी, बंद दारं, आणि दारांच्या मागे मी उरकेपर्यंत पोट धरून बसलेली माणसं. हॉस्पिटलात मी एकटी होते, पण तिथे ओळखीचं कुणी नव्हतं म्हणून. इथे माझ्या लग्नात नाचलेली माणसं होती आणि माझं पाऊल वाजलं की आत जात होती. एवढं एकटं मला आयुष्यात कधी वाटलं नव्हतं. पडदा आता खोलीतून निघून सगळ्या गॅलरीभर पसरला होता.

शेवटी दिलीपला विचारलं. तो खालमानेने म्हणाला, "मीच सांगितलं सगळ्यांना. घरोघरी जाऊन. म्हटलं, ती येताना कुणी बघत राहू नका, तिला कसंतरी होईल."

"मला कसंतरी होईल हे तुला कुणी सांगितलं?"

"अगं, तू अशी वाकून चालतेस... लोक बघणार..."

"मग बघू देत ना. मी पडले तर बंद दाराआडून कोण बघणार आहे?"

तो फार हळू म्हणाला, "मलाच बघवत नाही, सुनंदा."

हे त्याने पहिल्यांदा सांगितलं. मला त्याचा राग आला आणि त्याच वेळी त्याला जवळ घ्यावंसं वाटलं. मी म्हटलं, "तू मागे येऊ नकोस उद्यापासून. खुर्ची संडासाच्या दाराशी ठेव आणि कामाला जा, आत-बाहेर करायला मी लाइनीतल्या कुणाला सांगेन." सासूबाई खाटेवरून म्हणाल्या, "आयकलंस मा? ता सांगता तसा कर."

दुसऱ्या सकाळी मी संडासाकडे न वळता मंदाच्या दारापाशी थांबले आणि वॉकरने दारावर ठोकलं.

"मंदा, दार उघड."

आतून आवाज आला, "तू जा गं आधी, मला काही घाई नाही."

"तुला घाई नाही? तुला?"

दार थोडं उघडलं. मंदाच्या हातात डबा होता. बिचारी खरंच थांबली होती. मी म्हटलं, "दार उघडं ठेव. आणि लाइनीत उभी राहा. तुम्ही सगळे असे लपून बसलात तर मी परत त्या खुर्चीवर जाईन."

तिचे डोळे भरले. "अगं, तुला असं बघून तुझ्याशी भांडायला जीव होत नाही."

"मग नको बघूस. भांड."

दार परत लागलं नाही.

शेवटी कोण

सगळी दारं एकदम उघडली असं झालं नाही. एक आधी, मग त्याच्या शेजारचं. काही लोकांना मी दिसले की काय बोलावं सुचत नव्हतं, ते मोबाइलमध्ये बघायचे. चालेल. निदान उंबऱ्यात बसून बघायचे.

एकदा व्हायचं तेही झालं. वेळ चुकली आणि मंदाच्या दारासमोर माझा गाऊन भिजला. पाय थरथरत होते, खाली ओघळ. मला धरणी दुभंगेल तर बरं असं झालं. मंदा आतून बादली घेऊन आली आणि माझ्या पायांपासून कठड्यापर्यंत पाणी ओतून टाकलं. मग गॅलरीभर ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "माझं पाणी सांडलंय, जपून या रे." माझ्याकडे बघितलंही नाही. मी हळूहळू घरी परतले. त्या दिवशी मी रडले नाही.

पाय आहेत ते असेच राहतील असं डॉक्टरांनी सांगितलंय. वॉकर सुटणार नाही. क्लिनिकमध्ये आता दुसरी मुलगी आहे. डॉक्टर म्हणालेत की घरून फोनवर नंबर देण्याचं काम करशील का, मी विचार करून सांगते म्हटलंय. दिलीपने "ती करेल" असं म्हणायला तोंड उघडलं होतं. मग त्याने ते मिटलं. शिकतोय. दुपारी अजूनही घर फार मोठं वाटतं. पूर्वीचं माझं जे गेलं ते गेलं, त्याचं दुःख कुणी वाटून घेऊ शकत नाही. कुणी तसं म्हणालं तर मी विश्वास ठेवत नाही.

तुमच्याकडे असं माणूस असेल तर त्याला विचारा. साधंच. चहा आता की नंतर. दार उघडं की बंद. उत्तर तुम्हाला माहीत असलं तरी विचारा.

परवाची सकाळ सांगते आणि थांबते. मी पोचले तर लाइन होती. माझ्या पुढे दोघी, आणि त्यांच्या पुढे जमिनीवर एक डबा. मंदाचा. मी वॉकरने तो बाजूला सरकवला. मंदा घरातून चहाचा कप घेऊनच धावत आली.

"ए बाई, हात लावायचा नाही. माझा नंबर आहे."

"डब्याच्या पोटात दुखत नाही, मंदा."

"वॉकर आहे म्हणून दादागिरी करायची नाही. मागे हो."

पुढच्या दोघी माझ्याकडे बघायला लागल्या, आता माझ्या मनाला लागेल म्हणून. मी मागे झाले. डबा परत जागेवर गेला. मंदा आत शिरली आणि नेहमीसारखा उशीर लावला. मी वॉकरवर भार टाकून उभी राहिले. पाय दुखत होते.

तेवढ्यात वरच्या मजल्यावरची एक बाई घाईघाईने आली. त्यांचा संडास तुंबला होता म्हणे. तिने लाइनीवरून नजर फिरवली आणि विचारलं, "शेवटी कोण आहे?"

मी म्हटलं, "मी."

ती माझ्यामागे उभी राहिली.